चांद मुन्शींची बोलती शाळा

अमरावतीच्या कापसाच्या बाजारात त्या काळी एक रिकामी खुर्ची होती आणि तिला सगळा बाजार सलाम करत असे.

खुर्ची वेताची, एका हाताने लुळी. कुण्या रस्ते बांधणाऱ्या साहेबाने मुक्काम हलवताना टाकून दिलेली. बाजाराच्या कडेला चिंचेखाली ती मांडलेली असे आणि तिच्या पाठीवर वाळवलेल्या, चुना फासलेल्या भोपळ्याचं अर्धुक पालथं घातलेलं असे. ते भोपळ्याचं टोपरं म्हणजे साहेबाची हॅट. हॅटखाली साहेब. हा साहेब आम्हाला कुणालाच दिसत नसे. दिसे तो एकट्या शेख चांद मुन्शींना. त्यांना मात्र तो इतका लख्ख दिसे की सकाळी आल्याबरोबर ते खुर्चीकडे एकवार निरखून पाहत आणि आम्हाला त्याची हालहवाल सांगत.

"आज साहेबाले ताप हाय. हळू बोला."

किंवा, "विलायतेचं पत्र नाई आलं. मन उदास हाय त्याचं. आज भाव काढू नका कोनी."

मग आम्ही शिकाऊ मंडळींनी एकेक करून खुर्चीपुढे जायचं, वाकायचं आणि इंग्रजीत बोलायचं. मुन्शी खुर्चीमागे उभे राहून साहेबाच्या आवाजात उत्तरं देत. साहेब चिडला की मुन्शींच्या गळ्याच्या शिरा टरटरून फुगत, तोंडातून थुंकी उडे आणि शेजारच्या गाड्यांचे बैल बिचकत. चिडणं संपलं की मुन्शी खुर्चीला वळसा घालून पुढे येत आणि घामाघूम झालेल्या माणसाच्या पाठीवर हात ठेवत.

"लई तापट हाय बापा. मनावर घेऊ नका."

अमेरिकेत कुठेतरी भाऊबंदकी पेटली होती आणि तिच्यामुळे आमच्या काळ्या मातीतल्या कापसाला सोन्याची कळा आली होती. मुंबईच्या कंपन्यांचे साहेब घोड्यावरून थेट बाजारात उतरत. अडत्यांच्या हातात पैसा इतका अचानक आला होता की त्याचं काय करावं हे त्यांना कळत नसे. नव्या छत्र्या घेऊन ते घरातल्या ओसरीवरसुद्धा त्या उघडून बसत. छत्रीनंतर हौस इंग्रजीची. सरकारी शाळेत इंग्रजी होतं, पण ते पोरांसाठी. आणि ते शिकवणारा दुय्यम मास्तर मी होतो.

मी पुण्याकडून आलेला, तेविशीचा. व्याकरण मुखोद्गत. इंग्रजी वाक्य समोर आलं की त्याचा कर्ता कोण, क्रियापद कुठलं, हे मी डोळे मिटून सांगे. फक्त एक अडचण होती. तोपर्यंत एकाही इंग्रज माणसाशी मी एक वाक्य बोललो नव्हतो. ही अडचण मी कुणाला सांगितली नव्हती. तशी मी फारशी कुठलीच गोष्ट कुणाला सांगत नाही. हीसुद्धा सांगायला मला वीस वर्षं लागली आहेत.

मुन्शींची गोष्ट नेमकी उलटी. त्यांना इंग्रजी अक्षर एकही येत नव्हतं. मराठी नाही, उर्दूही सहीपुरती. अठरा वर्षं ते साहेबलोकांच्या छावण्यांत खलाशी होते. तंबू ठोकायचे, तंबू उतरवायचे, गाडीवर लादायचे. ठोकता ठोकता त्यांनी साहेबाचं बोलणं ऐकलं, मडमेचं ऐकलं, गोऱ्या शिपायांच्या शिव्या ऐकल्या, साहेबाच्या लेकराला झोपवणाऱ्या आयेचं ऐकलं. आणि कोणतं बोलणं कुणापुढे चालतं आणि कुणापुढे नाही, हे त्यांनी पक्कं ध्यानात ठेवलं. बाजारात साहेब आला की मुन्शी त्याच्याशी असे बोलत, जणू काल संध्याकाळी दोघे एकत्रच फिरायला गेले होते.

"मुन्शीजी, अक्षरावाचून भाषा कशी शिकवता तुम्ही?" मी पहिल्या भेटीत विचारलं होतं. जरा टोचावं म्हणूनच.

"मास्तर, साहेबाचं लेकरू आधी बोलते का आधी वाचते?"

मी उपरणं सावरू लागलो.

"मंग? लेकराले जे जमते थे गोविंदशेटले काहून नाई जमनार?"

त्यांच्या शाळेला पुस्तक नव्हतं. त्यांच्याकडे होते प्रसंग. साहेबाला पहिल्यांदा भेटणं हा एक प्रसंग. साहेब जेवत असताना आपण पोहोचलो, हा दुसरा. साहेबाच्या घोड्याने आपली जवारी खाल्ली, हा तिसरा. तो त्यांचा फार आवडता होता, कारण त्यात घोडाही तेच होत. असे चाळीसेक प्रसंग त्यांनी बोटांच्या पेरांवर बसवलेले होते.

भातकुलीचे तुकाराम पाटील या शाळेत येत. दांडगे कास्तकार, दलालाला मध्ये न घेता साहेबाला थेट कापूस विकायचा, हा त्यांचा पण. पहिल्याच दिवशी त्यांनी खुर्चीला रामराम केला आणि शिकवलेल्या शब्दांत विचारलं, साहेब, तुमचा पगार किती? लेकरं किती? आणि तुम्ही कोण जातीचे?

खुर्चीमागे मुन्शींनी कपाळाला हात लावला.

"पाटील, साहेबाले पगार इचारू नाई. लेकरं इचारू नाई. जात तं बिलकुल इचारू नाई."

"मंग त्याची इचारपूस करा कशी? पाहुना घरी आला अन् लेकरंबाळं नाई इचारले तं थो म्हननार, मानसं हायेत का जनावरं?"

"साहेबासंग हवेवर बोला लागते."

"हवेवर?"

"हाव. आज ऊन हाय. काल आभाळ होतं. असं."

पाटलांनी वर पाहिलं, मग खुर्चीकडे पाहिलं. "ऊन हाय हे त्याले दिसून राह्यलं, मले दिसून राह्यलं. मंग बोलाचं काहून?"

"दोघालेबी दिसते म्हनूनच बोलाचं. त्याच्यात भांडन नाई होत."

हे उत्तर मी त्या रात्री वहीत टिपून ठेवलं. इंग्रजांविषयी इतकं शहाणपण मला एकाही पुस्तकात सापडलं नव्हतं. पाटलांना मात्र ते इतकं पटलं की पुढे खरोखरचा साहेब कापूस पाहायला आला तेव्हा ते त्याच्याशी उन्हावर बोलले, वाऱ्यावर बोलले, गेल्या तीन वर्षांच्या पावसावर बोलले, आणि शेवटी साहेबच हात जोडून म्हणाला, आता कापूस दाखवा.

गोविंदशेट अडत्याची गंमत याहून मोठी. आमच्या बाजाराची एक रीत होती. भाव तोंडाने बोलायचा नाही. विकणारा आणि घेणारा एकमेकांचा हात हातात घेत, वरून उपरणं टाकत आणि उपरण्याखाली बोटं दाबून भाव ठरे. भोवती पन्नास माणसं उभी असली तरी आत काय चाललंय ते त्या दोघांनाच ठाऊक. सगळा पंजा घट्ट आवळला की सौदा पक्का. हात सैल सोडला की सौदा मोडला. शेटजींचं इंग्रजी एव्हाना बरं सुधारलं होतं. साहेबाशी हवा झाली, घोडा झाला, कापसाची प्रत झाली. मग साहेबाने भाव विचारला, आणि शेटजींनी जन्माच्या सवयीने साहेबाचा हात धरला, वर उपरणं टाकलं आणि बोटं दाबायला सुरुवात केली.

साहेब किंचाळला. त्याला वाटलं, आपली अंगठी काढून घेताहेत. घोडा उधळला, सरकीच्या ढिगात शिरला. शिपाई धावले. शेटजी उपरणं तोंडात कोंबून उभे. तेवढ्यात मुन्शी मध्ये आले, शांतपणे साहेबाला सलाम केला आणि इंग्रजीत म्हणाले, "साहेब, आपल्या देशात मडमेला वय चारचौघांत विचारतात का? आमच्या देशात भावाचं तसंच आहे."

साहेब क्षणभर पाहत राहिला. मग खदाखदा हसला आणि त्याने स्वतः हात पुन्हा उपरण्याखाली घातला.

असा हा माणूस. आता माझ्याकडे येतो. यायला नको वाटतं, पण येतो.

शाळेतून सुटलो की मीही चिंचेखाली जाऊ लागलो. पाहायला जातो, असं मी लोकांना सांगे. एक दिवस मुन्शींनी मला खुर्चीपुढे उभं केलं. मागून साहेब गरजला, "हू आर यू? व्हॉट डू यू वाँट?" मी छाती पुढे काढली आणि सुरुवात केली, "आय हॅव द ऑनर टु स्टेट, विथ ड्यू रिस्पेक्ट अँड हंबल सबमिशन..."

मुन्शी खुर्चीमागून बाहेर आले. इकडे तिकडे पाहिलं. खुर्चीखालीही वाकून पाहिलं.

"अर्ज तं आला मास्तर," ते म्हणाले. "मानूस कुठी हाय?"

पाटील हसता हसता गाडीच्या जुवावर आडवे झाले. दुसऱ्या दिवसापासून अमरावतीत माझं नाव अर्जमास्तर पडलं. शाळेतली पोरं पाठीमागून म्हणत. किराणा दुकानात म्हणत. मुन्शींनी ते वाईट मनाने म्हटलं नव्हतं, हे मला तेव्हाही ठाऊक होतं. ठाऊक असून मी ते जपून ठेवलं.

त्यांचा तर माझ्यावर जीव होता. संध्याकाळी ते माझ्या खोलीच्या ओट्यावर येत, पायरीवर बसत. वर बसा म्हटलं तरी बसत नसत. मी किती मनापासून म्हणतोय हे त्यांना कळत असावं. त्यांच्यासाठी मी पाण्याचं वेगळं भांडं ठेवलं होतं. ते त्यांनी पाहिलं होतं आणि त्यावर कधी काही बोलले नव्हते. एरवी त्यांना गप्प बसणं ठाऊक नव्हतं. "मास्तर, आज काय झालं सांगा. इंग्रजीत. चुकलं तं चुकलं. बोला." मी बोले. अडखळत, धडपडत बोले. वर्षभरात मी त्या ओट्यावर बसून इंग्रजीत हसायला शिकलो, रुसायला शिकलो, डाळीत मीठ जास्त पडल्याची तक्रार करायला शिकलो. माझी चूक ते सुधारत नसत. तेच वाक्य बरोबर करून स्वतःच्या बोलण्यात घालत आणि पुढे जात; जणू चूक झालीच नव्हती.

"तुमी अक्षर, मी आवाज," ते म्हणत. "दोघं मिळून एक साहेब होते पाहा."

मग बातमी आली की शाळाखात्याचा साहेब अमरावतीला येणार. व्यापाऱ्यांनी अर्ज करायचं ठरवलं: सरकारी शाळेत मोठ्या माणसांसाठी बोलण्याचा वर्ग काढावा आणि त्यावर शेख चांद मुन्शींना नेमावं. अर्ज लिहिला मी. उत्तम लिहिला. मुन्शींनी तो हातात धरून उलटासुलटा पाहिला आणि म्हणाले, "चिंचेखाली पानी पडलं की शाळा बंद. तुमच्या शाळेले छप्पर हाय." त्या सगळ्या ओळखीत त्यांनी स्वतःसाठी काही मागितलेलं मी तेवढंच पाहिलं.

साहेब आला. शाळेच्या मोठ्या खोलीत बसला. गोविंदशेट, पाटील, आमचे हेडमास्तर, सगळे भिंतीशी उभे. मुन्शी धुतलेला अंगरखा घालून माझ्याशेजारी. साहेबाने त्यांच्याशी बोलणं केलं आणि पाच मिनिटांत तो खुलला. दोघे कुठल्याशा छावणीतल्या वाघावर बोलत होते. मग साहेबाने अर्ज पुढे केला आणि सहज म्हणाला, हा वाचून दाखवा.

मुन्शी हसले. "मला वाचता येत नाही, साहेब," त्यांनी सरळ सांगितलं. "मी बोलायला शिकवतो."

साहेबाची भुवई वर गेली. त्याने अर्ज पाहिला, आम्हा सगळ्यांना पाहिलं आणि त्याची नजर माझ्यावर थांबली.

"तुम्ही शाळेतले शिक्षक. मी ऐकलं, तुम्ही या माणसाकडे शिकायला जाता. तुम्हीच सांगा. यांनी तुम्हाला काय शिकवलं?"

प्रश्न सोपा होता. एक-एक शब्द मला कळला होता. उत्तरही तयार होतं: सर, ही हॅज टॉट मी टु स्पीक. सर, यांनी मला बोलायला शिकवलं. सात शब्द. जिभेच्या टोकावर होते.

मी बोललो नाही.

तेव्हा माझ्या उपरण्याच्या पदराखाली एक हात आला आणि त्याने माझा हात धरला. खरबरीत, तंबूच्या दोऱ्यांनी घट्टे पडलेला. त्या हाताने माझा सगळा पंजा एकदा घट्ट आवळला. बोला मास्तर. मी आहे.

मी माझा हात सैल सोडला.

बाजारात वर्षभर वावरलेल्या माणसाला याचा अर्थ समजावून सांगावा लागत नाही. मुन्शींनी आपला हात हळूच काढून घेतला. साहेबाने आणखी थोडा वेळ वाट पाहिली. त्याच्या तोंडावर राग नव्हता, कीव होती. वर्षभर शिकलेल्या मास्तराच्या तोंडून एक शब्द फुटत नाही, तर असल्या शिकवण्याचा उपयोग काय? माझं गप्प बसणं हाच मुन्शींविरुद्धचा पुरावा झाला. "ठीक आहे," साहेब म्हणाला आणि अर्ज बाजूला ठेवला.

नंतर मी सगळ्यांना सांगितलं, साहेबापुढे शब्दच सुचला नाही. लोकांना ते लगेच पटलं, अर्जमास्तरच तो. पाटलांनी तर माझी समजूत घातली, "होते असं. मीबी पहिल्यांदा घाबरलो होतो." वीस वर्षं मी हेच सांगत आलो. ते खोटं आहे. मी घाबरलो नव्हतो. वर्ग निघाला असता तर एक निरक्षर खलाशी माझ्या बरोबरीच्या खुर्चीवर बसला असता, आणि माझ्यापेक्षा चांगलं शिकवता शिकवता बसला असता. ते मला नको होतं. माझी जात त्यात आड आली नाही असं म्हणालो, तर ते आणखी एक खोटं होईल.

सरकारने नाकारलेल्या मुन्शींकडे अडत्यांनी पाठ फिरवली. तिकडे अमेरिकेतलं भांडण मिटलं, भाव कोसळला, कंपन्यांचे साहेब आले तसे गेले. एका पावसात खुर्चीचा वेत कुजला. मुन्शी त्यानंतरही दोनदा माझ्या ओट्यापाशी आले. "मास्तर?" अशी हाक आली. मी आतून नोकराकरवी सांगितलं, पूजेला बसलेत. तिसऱ्यांदा ते आले नाहीत. बाजाराकडून जाणारा रस्ता मी सोडला आणि लांबच्या रस्त्याने शाळेत जाऊ लागलो. मग कळलं, ते अकोल्याला गेले.

रेल्वे सुरू झाल्यावर शाळेच्या कामासाठी मी अकोल्याला गेलो. काम दुपारीच आटोपलं. स्टेशनाबाहेरच्या निंबाखाली एक माणूस बसला होता. मी वळणार तोच त्याने हाक मारली.

"मास्तर!"

दाढी पांढरी झाली होती. गुडघे गेले होते. अंगरखा तोच असावा. आता ते गाड्यांवर जगत होते. अकोल्याला दिवसाकाठी उतारूंच्या दोनच गाड्या थांबत, एक सकाळी, एक दिवेलागणीला. गाडीतून कुणी साहेब उतरला की मुन्शी पुढे होत, हवेवर बोलत, सामान उचलायला माणूस देत आणि बंगल्यापर्यंत पोहोचवून येत. कधी काही मिळे, कधी नाही.

मला पाहून ते उठले, पाणक्या ब्राह्मणाला हाक मारून त्यांनी माझ्यासाठी पाणी मागवलं. स्वतः दोन हात लांब उभे राहिले. मी पाणी पीत असताना ते माझ्याकडे पाहत होते, तंबू नीट उभा राहिला का ते पाहावं तसे.

"वाळले तुमी," ते म्हणाले. "इंग्रजी चालू हाय ना?"

"आहे."

"कोनासंग बोलता?"

मी भांडं खाली ठेवलं. बोलायला कुणी नव्हतंच.

"मले बी कोनी नाई," ते म्हणाले. "साहेब उतरते, चार शब्द होते, थो निघून जाते. आपल्या ओट्यावानी गोठ नाई होत कोनासंग."

मग थोडा वेळ ते जमिनीवर काडीने रेघा ओढत बसले आणि मान वर न करता म्हणाले,

"मास्तर, साहेबापुढं नाई बोलले, ते गेलं. त्याचं मले काई नाई. हातातून समजलं होतं मले त्याच टायमाले. पन मंग मह्यासंग काहून नाई बोलले? मी दोनदा आलो. म्हटलं, मास्तर एक शिवी देईन, नाई तं रडन, नाई तं म्हनन, चालता हो. कायबी बोलले असते तं चाललं असतं."

इतकंच त्यांना हवं होतं. छप्पर नाही, नेमणूक नाही, माफीही नाही. त्यांना मी बोलायला हवा होतो. आणि तेव्हाही, त्या निंबाखाली, सगळं सांगून टाकायला समोर फक्त एक म्हातारा माणूस असताना, माझ्या तोंडून काय बाहेर पडलं?

"माझ्या गाडीची वेळ झाली, मुन्शीजी. निघायला हवं."

दुपारचे दोन वाजले होते. ज्या माणसाचं पोट दोन गाड्यांवर चालत होतं, त्याला मी तिसरी गाडी सांगितली.

मुन्शींनी माझ्याकडे पाहिलं. मग उठले. "हाव. चला, बसवून देतो," म्हणाले आणि माझी पिशवी त्यांनी उचलली.

रिकाम्या फलाटावर आम्ही बाकावर बसलो. यावेळी ते पायरी शोधत बसले नाहीत. बाकाच्या दुसऱ्या टोकाला बसले. रुळांवर ऊन तापत होतं. माणूस नाही, काणूस नाही. झाडूवाल्याने आमच्याकडे दोनदा वळून पाहिलं आणि काही विचारणार तेवढ्यात मुन्शींनीच त्याला सांगून टाकलं, "मास्तरच्या गाडीले उशीर हाय आज."

आणि ते बोलू लागले. पाटलांचा मुलगा शाळेत जातो. गोविंदशेट आता साहेबाला नुसतं पाहून पळतो. घोड्याने जवारी खाल्ल्याचा प्रसंग त्यांनी मला पुन्हा सगळा करून दाखवला, घोड्यासकट, त्या गुडघ्यांनी. मी हसलो. मग कधी कसा कोण जाणे, मीही बोलू लागलो. आईची दृष्टी गेली ते सांगितलं. बदली मागितली होती, मिळाली नाही, ते सांगितलं. चुकत, अडखळत, अर्धं इंग्रजीत सांगितलं. जे सांगायचं होतं ते सोडून सगळं सांगितलं. मध्येच माझी नजर उतरत्या उन्हाकडे गेली की ते लगेच म्हणत, "येईन, येईन. कुठी तरी अडकली असन." पाच तास ते माझी ती गाडी उशिरा आणत राहिले.

दिवे लागले, पहिली घंटा झाली आणि संध्याकाळची गाडी तिच्या ठरल्या वेळेला फलाटात शिरली. मी उठलो. माझी मान वर होत नव्हती. मुन्शींनी पिशवी डब्यात ठेवली, मग लंगडत लंगडत थेट गोऱ्या गार्डसाहेबापुढे गेले. ज्याच्या मर्जीवर त्यांना फलाटावर येऊ दिलं जाई, तोच हा गार्ड. त्यांनी सलाम केला आणि मला ऐकू येईल अशा खणखणीत आवाजात, जुन्या चिडलेल्या साहेबाच्या आवाजात, इंग्रजीत त्याला सुनावलं,

"व्हेरी लेट टुडे, सर! फाइव्ह अवर्स! माय फ्रेंड इज वेटिंग!"

गार्डने खिशातून घड्याळ काढलं, पाहिलं, आणि ते कानाला लावलं.